बाबांचे सिगारेटचे शेअर: ठेवू की विकू?

ओवी३१ (३ ऑगस्ट, रात्री ९:१२)

बाबा जाऊन मार्चमध्ये वर्ष झालं. त्यांच्या कपाटाला आत्ता कुठे हात लावला. विम्याच्या पॉलिशा, पोस्टाची पासबुकं आणि त्यांच्याखाली साडीच्या दुकानाच्या एका पिशवीत डीमॅटचे कागद निघाले. आयटीसीचे शेअर. ऐंशीच्या दशकात ऑफिसातल्या कुणाच्या तरी नादाने घेतलेले थोडेसे. पुढे बोनस येत गेले, २००५ साली १० रुपयांच्या एका शेअरचे १ रुपयाचे १० झाले, आणि बाबांनी त्यातला एकही विकला नाही. २०२५ च्या जानेवारीत कंपनीने हॉटेलं वेगळी काढली, त्याचेही दहाला एक या हिशेबाने जमा झालेत. पासबुकात डिव्हिडंडची ओळ दिसली की तिच्यापुढे बाबांची पेन्सिलीने केलेली बरोबरची खूण.

बाबांनी आयुष्यात सुपारीचं खांडही तोंडात टाकलं नाही. माझा सख्खा मामा मात्र तोंडाच्या कॅन्सरने गेला. आईने तीन वर्षं परळच्या टाटा हॉस्पिटलच्या खेपा घातल्या.

भावाचं म्हणणं, "मामा गुटखा खायचा. ही कंपनी सिगारेट करते. काय संबंध? आणि तुझी इंजिनिअरिंगची फी कशातून गेली असं वाटतं तुला?" यावर मला उत्तर सुचलं नाही, म्हणून इथे आले.

पैसे गुंतवताना कंपनी काय करते हे तुम्ही बघता का, की पैसा तो पैसा? 'ईएसजी फंड' म्हणून जे विकतात त्यात काही तथ्य असतं का? आणि मी विकले तर दुसरा कुणी घेणारच, मग त्याने जगात एक तरी सिगारेट कमी ओढली जाते का?

"शेअर मला द्या, पाप मी घेतो" हा विनोद कृपया करू नये. भावाने करून झालाय.

आडगावचा शहाणा (३ ऑगस्ट, रात्री ९:२०)

शेअर मला द्या, पुण्य तुम्ही ठेवा. (हा वेगळा विनोद आहे.)

मुद्दल_आणि_व्याज (३ ऑगस्ट, रात्री १०:०५)

शेवटच्या प्रश्नापासून सुरू करतो. तुम्ही बाजारात शेअर विकता ते दुसऱ्या गुंतवणूकदाराला. कंपनीच्या गल्ल्यातून एक पैसा जात नाही आणि एक सिगारेटही कमी होत नाही. खूप मोठ्या संख्येने लोकांनी तोंड फिरवलं तर भाव पडतो, नवं भांडवल महाग होतं. पण आयटीसीसारख्या नफ्यात पोहणाऱ्या कंपनीला भांडवल मागायची वेळच येत नाही. तुमच्या विकण्याचा उपयोग एवढाच की तुम्हाला रात्री झोप लागेल. तो छोटा उपयोग आहे असं मी म्हणत नाही.

आता ईएसजी, म्हणजे पर्यावरण, समाज आणि कारभार. आयटीसीला एमएससीआय या मानांकन संस्थेचं 'एए' मानांकन आहे. कंपनी स्वतः वापरते त्याहून जास्त पाणी जिरवते, कार्बनच्या बाबतीतही तोच दावा, आणि ही कामं खरोखर मोठी आहेत. लोकांना वाटतं की हे मानांकन म्हणजे चारित्र्याचा दाखला. तसं ते नसतं. जगातल्या बदलांमुळे कंपनीच्या नफ्याला किती धोका आहे हे त्यात मुख्यतः पाहिलं जातं. कंपनीमुळे जगाला काय धोका आहे तो हिशेब वेगळा. आणि तुलनाही त्याच धंद्यातल्या इतरांशी. म्हणूनच मे २०२२ मध्ये अमेरिकेतल्या एस अँड पी ५०० या शेअर निर्देशांकाच्या ईएसजी यादीतून विजेच्या गाड्या बनवणारी टेस्ला बाहेर गेली आणि तेल काढणारी एक्सॉनमोबिल आत राहिली.

पावशेर (३ ऑगस्ट, रात्री १०:११)

म्हणजे वर्गात पहिला आला, पण तुकडी 'फ'.

कारकुंडा (३ ऑगस्ट, रात्री १०:३०)

मानांकनं आणि पुरस्कार यांवरून आठवलं. सत्यम या संगणक कंपनीला सप्टेंबर २००८ मध्ये उत्तम कारभारासाठी 'गोल्डन पीकॉक' मिळालं होतं. जानेवारी २००९ मध्ये हिशेबातला घोटाळा उघडा पडला, मोराचा पिसारा गळून पडला आणि मागचं सगळं दिसलं.

स्नेहल_ठाणे (३ ऑगस्ट, रात्री ११:०२)

माझा अनुभव. नैतिक गुंतवणूक करायची म्हणून उत्साहाने 'एथिकल' नावाचा एक फंड घेतला. वर्षभराने यादी उघडून बघते तर एकही बँक नाही. एजंटला विचारलं तर म्हणाला, "मॅडम, तो शरियतप्रमाणे चालतो, व्याजाचा धंदा वर्ज्य." दारू, तंबाखूही वर्ज्य, त्यामुळे माझं कामच झालं होतं. पण नाव वाचून पैसे टाकणारी मी आणि वेष्टन बघून बिस्किटं घेणारा माझा मुलगा यांत फरक काय, असा प्रश्न पडला.

फ्योर्डकाठची (४ ऑगस्ट, दुपारी १:४५)

मी नॉर्वेत, स्टावांगरला असते. हे तेलाचं गाव. इथल्या तेलाच्या पैशावर देशाचा जो फंड उभा आहे तो जगातल्या नोंदणीकृत कंपन्यांचा सुमारे दीड टक्का मालक आहे. २००४ पासून त्यांना नीतिमत्तेचे नियम आहेत आणि एक वेगळी समिती कंपन्यांची चौकशी करते. वेदांत या खाणकंपनीला त्यांनी २००७ मध्ये काढलं. बांगलादेशात सुंदरबनाशेजारच्या रामपाल वीज प्रकल्पामुळे २०१७ मध्ये आपल्या सरकारी भेलला काढलं. मे २०२४ मध्ये अदानी पोर्ट्सला, म्यानमारच्या लष्कराशी असलेल्या संबंधांवरून. तंबाखू तर सरसकट बाद.

इथल्या सहकाऱ्यांना मी विचारते, तेल विकून आलेल्या पैशाने कोळसा बाद करायचा म्हणजे काय हो? ते हसतात आणि विषय हवामानाकडे नेतात. आजच्या पावसाच्या, म्हणजे.

तरी एक गोष्ट मला आवडते. ते काढतात तेव्हा कारण लिहून प्रसिद्ध करतात. कुणी, काय, कुठे, पुरावा काय. शेअर विकल्याने कंपनीचं काही बिघडत नसेल, पण तो कागद जगभर फिरतो. नियमगिरीच्या डोंगरात वेदांतला बॉक्साइट खणायचं होतं, तिथे ते झालं. चर्च ऑफ इंग्लंडने २०१० मध्ये वेदांतचे शेअर विकले, त्यावर लंडनच्या पेपरांत लिहून आलं, आणि तिकडे ओडिशात आदिवासी आधीपासून लढतच होते. २०१३ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ग्रामसभांना विचारा म्हटल्यावर १२ च्या १२ ग्रामसभांनी नाही म्हटलं. डोंगर ग्रामसभांनी वाचवला, लंडनच्या पाद्र्यांनी नाही. पण पाद्र्यांनी आवाज केला.

आडगावचा शहाणा (४ ऑगस्ट, दुपारी २:१०)

ओवीताई, तुम्हीही विकताना कारण लिहून सोसायटीच्या फळ्यावर लावा.

गणूमास्तर (४ ऑगस्ट, संध्याकाळी ६:२५)

शेअरमधलं मला काही कळत नाही. कंपन्यांची जबाबदारी म्हणाल तर ती आमच्याकडे गाडीत बसून येते.

जव्हारच्या बाजूला जिल्हा परिषदेची शाळा, दोन शिक्षक. मागच्या वर्षी तीन वेगवेगळ्या कंपन्यांनी दप्तरं दिली. पट ४१. दप्तरं १२३. एका मुलीने एकात पुस्तकं, एकात डबा आणि एकात शेळीच्या पिल्लाला बसवून आणलं. त्याच वर्षी एका कंपनीने भिंतीएवढा डिजिटल फळा बसवला. उद्घाटनाला साहेब आले, फोटोवाले दोन, नारळ, फीत, सगळं साग्रसंगीत. ते गेल्यावर तो फळा आजतागायत काळाच आहे, कारण बिल थकल्यामुळे शाळेची वीज तोडलेली. उद्घाटनाच्या दिवशी जनरेटर त्यांनीच आणला होता, जाताना घेऊन गेले.

मी साहेबांना हळूच म्हणालो, फळा राहू द्या, लाइट बिल भरा की. ते म्हणाले, "मास्तर, बिलावर आमचं नाव कुठे लिहिणार?"

पावशेर (४ ऑगस्ट, संध्याकाळी ६:४०)

शेवटचं वाक्य काचेत लावून ठेवा. __/\__

एकतीसमार्च (४ ऑगस्ट, रात्री ९:५०)

मास्तरांचं वाचून हसलो आणि मग पोटात कालवलं, कारण मी तो साहेब आहे. म्हणजे तोच नव्हे, पण सीएसआर, म्हणजे कंपनीच्या समाजकार्याच्या विभागातच ११ वर्षं काढलीत.

बाहेरच्यांसाठी थोडक्यात. कंपनी कायदा २०१३, कलम १३५. निव्वळ मालमत्ता ५०० कोटी, किंवा उलाढाल १००० कोटी, किंवा निव्वळ नफा ५ कोटी, यांतलं काही एक ओलांडलं की मागच्या तीन वर्षांच्या सरासरी नफ्याच्या २ टक्के समाजकार्यावर खर्च करायचे. एप्रिल २०१४ पासून लागू. २०२१ पर्यंत खर्च झाला नाही तर अहवालात कारण लिहिलं की सुटका. आता तसं नाही. राहिलेला पैसा वेगळ्या खात्यात किंवा सरकारी निधीत टाकावा लागतो, नाहीतर दंड. त्यामुळे फेब्रुवारी-मार्चमध्ये आमची जी धावपळ असते ती मुलीच्या लग्नात वधूपित्याचीही नसते. ज्याला पैसे लगेच खपवता येतात ते काम चांगलं. दप्तरं लगेच खपतात. शिक्षकाचा पगार, विजेचं बिल, दुरुस्ती ही दरवर्षीची कटकट, तिला फीत कापता येत नाही.

पण माझी खरी तक्रार वेगळीच आहे. हे २ टक्के कसे खर्च करायचे यावर समिती बसते, अहवाल होतो, मोठ्या प्रकल्पांचं मूल्यमापन बाहेरच्या संस्थेकडून होतं. उरलेले ९८ टक्के कसे कमावले हे आमच्या विभागाने विचारायचं नसतं. नदीकाठी झाडं लावायचं काम माझं. नदीत काय जातं ते पलीकडच्या इमारतीत ठरतं.

ओवी३१ (४ ऑगस्ट, रात्री १०:१५)

@एकतीसमार्च, हे इतकं सरळ लिहिल्याबद्दल आभार. पण शेअर बाजारावर देखरेख ठेवणाऱ्या सेबीने बाजारमूल्यात पहिल्या १००० कंपन्यांना तो बीआरएसआर, म्हणजे जबाबदारीचा अहवाल सक्तीचा केलाय ना? पाणी किती, कचरा किती, कंत्राटी कामगार किती, अपघात किती?

एकतीसमार्च (४ ऑगस्ट, रात्री १०:३१)

केलाय, २०२२-२३ पासून. आणि तो कामाचा आहे. अध्यक्षांच्या पत्रातली सूर्योदयाची चित्रं सोडा, मागच्या तक्त्यांत जा. कायमस्वरूपी किती आणि कंत्राटी किती, किमान वेतनावर किती, कामावर मृत्यू किती. कंपनीने स्वतः लिहून दिलेलं असतं. आम्ही लिहितो आणि देवाशपथ सांगतो, कुणी वाचत नाही. गुंतवणूकदारांपैकी कुणाचाही त्यावर प्रश्न मी आजवर पाहिलेला नाही.

सदाशिव_पेठी (५ ऑगस्ट, सकाळी ७:३०)

एवढा काथ्याकूट कशाला? टाटांचे शेअर घ्या आणि स्वस्थ झोपा. १९१२ साली जमशेदपूरला आठ तासांचा दिवस दिला, टाटा सन्सचे ६६ टक्के आजही ट्रस्टांकडे आहेत. आपल्या मामांचे उपचार ज्या रुग्णालयात झाले ते कुणी उभारलं?

मावळा_मूळचा (५ ऑगस्ट, सकाळी ९:०५)

काका, टाटांबद्दल आदर आहेच. पण आमच्या पणजोबांची भातखाचरं मुळशीच्या धरणाखाली आहेत. १९२१ चा सत्याग्रह, सेनापती बापट, "जान किंवा जमीन". धरण टाटांच्या विजेसाठी, वीज मुंबईच्या गिरण्यांसाठी. उन्हाळ्यात पाणी उतरलं की जुन्या देवळाचा कळस दिसतो, आजी तिथे हात जोडायची. आठ तासांचा दिवस जमशेदपूरच्या कामगाराला मिळाला. आम्ही कामगार नव्हतो, मधे आलेले होतो.

सदाशिव_पेठी (५ ऑगस्ट, सकाळी ९:४०)

शंभर वर्षांपूर्वीचं उकरून काय मिळतं? आणि ती वीज नसती तर मुंबई उभी राहिली असती का?

मावळा_मूळचा (५ ऑगस्ट, सकाळी ९:४२)

तुम्ही १९१२ उकरलंत, मी १९२१. नऊ वर्षं अलीकडचं आहे माझं.

पावशेर (५ ऑगस्ट, सकाळी ९:५०)

पॉपकॉर्न घेऊन बसलोय.

शणै_गोंयकार (५ ऑगस्ट, दुपारी १२:२०)

'मधे आलेले' हा शब्द नेमका आहे. आमचं गोव्यात डिचोलीकडे कुळागर, म्हणजे माड-पोफळीची बाग. पलीकडच्या डोंगरात लोहखनिजाची खाण. खाणवाल्यांनी गावाला सगळं दिलं, देवळाच्या मंडपाला पत्रे, मुलांना फुटबॉल, उन्हाळ्यात पाण्याचा टँकर. टँकर का लागला? खाण खोल गेली आणि झर आटली. म्हणजे पाणी घेतलं पाटाने आणि परत दिलं टँकरने, टँकरवर कंपनीचं नाव रंगवून.

पण दुसरी बाजूही सांगतो. २०१२ मध्ये बेकायदा खाणींवर शहा आयोगाचा अहवाल आला, खाणी बंद पडल्या. पुन्हा सुरू झाल्या, तर २०१८ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ८८ खाणपट्टे रद्द केले. माझ्या चुलतभावाने कर्ज काढून ट्रक घेतले होते. दोन वर्षं ते माडाखाली उभे, चाकातून वेल वर आलेली. त्याच्यासमोर 'जबाबदार गुंतवणूक' म्हणून बघा. झर मात्र हळूहळू परत आली. दोन्ही खरं आहे.

नदीकाठचा_पाव्हणा (५ ऑगस्ट, रात्री ८:४५)

मंडळी, सगळं वाचलं. तुम्ही फंड, निफ्टी, नॉर्वे करताय. पण पश्चिम महाराष्ट्रात घरटी एक शेअर असतोय ज्याला डीमॅट नाही आणि भाव पण नाही. साखर कारखान्याचा. आमच्या आज्ज्यानं घेतलेला, आता माझ्या नावावर. त्यावर मिळतंय काय? सवलतीची साखर, वर्षाला एक गुळगुळीत अहवाल आणि मत. एक सभासद, एक मत. दहा एकरवाल्याला एकच आणि वीस गुंठेवाल्याला पण एकच. तुमच्या आयटीसीत असलं काय नाही.

शिरोळ तालुक्यात पंचगंगा नदीला लागून रान आहे. हंगाम सुरू झाला की एक दिवस असा उगवतोच. पहाटे मोटर चालू करायला गेलो की वासावरनंच कळतं. पाणी चहाच्या चोथ्यागत काळपट, वर फेस. मासं काठाला येऊन तोंड वर काढून आ वासत असत्यात. दुपारपर्यंत सगळी पांढरी पोटं वर. पोरं पाट्या घेऊन पळत्यात, बाजारात विकायला. होय, विकायला. संध्याकाळी प्रदूषण मंडळाचा माणूस बाटलीत पाणी भरून नेतोय, दुसऱ्या दिवशी पेपरात "मळीमिश्रित पाण्यामुळे". कुणी सोडलं? कारखाना बोट दाखवतोय कापडाच्या प्रोसेसकडं, प्रोसेसवाला शहराच्या नाल्याकडं, शहर कारखान्याकडं. बोट फिरून परत येईस्तोवर ते पाणी नरसोबाच्या वाडीजवळ कृष्णेला मिळालेलं असतंय. २०१२ ला इचलकरंजीत काविळीनं माणसं गेली तेव्हा पण बोटंच फिरली.

आणि मी कोण? मालक. माझाच कारखाना, माझीच मळी, माझीच मोटर. कारखान्याचं नाव विचारू नका, गावात राहायचंय.

जुना_केमिस्ट (५ ऑगस्ट, रात्री ९:३०)

डिस्टिलरीत २६ वर्षं काढली, म्हणून थोडी भर. एक लिटर अल्कोहोलमागे साधारण ८ ते १५ लिटर स्पेंटवॉश निघतो, ज्याला सगळे मळीचं पाणी म्हणतात. नदीत टाकला की पाण्यातला प्राणवायू खाऊन टाकतो, माशांचं ते आ वासणं त्यामुळेच. नियम असा की एक थेंबही बाहेर जाता कामा नये. आटवायचा, बॉयलरमध्ये जाळायचा किंवा प्रेसमडमध्ये, म्हणजे उसाच्या रसाच्या गाळात मिसळून खत करायचं. यंत्रणा बहुतेकांकडे आहे. ती चालवायला वाफ लागते, वीज लागते, माणूस लागतो. रात्रपाळीत बाष्पक बंद पडला आणि टाकी भरत आली की सुपरवायझरसमोर दोनच रस्ते उरतात, डिस्टिलरी थांबवायची किंवा व्हॉल्व्ह उघडायचा. थांबवली तर सकाळी साहेबांना उत्तर द्यावं लागतं. व्हॉल्व्ह अंधारात असतो.

आता पेट्रोलमध्ये २० टक्के इथेनॉल झालं. ईएसजीच्या कागदावर ते हिरवं इंधन. त्या कागदावर व्हॉल्व्ह दिसत नाही.

स्नेहल_ठाणे (५ ऑगस्ट, रात्री ९:४१)

अंगावर काटा आला.

बालाघाटी (६ ऑगस्ट, सकाळी ११:१५)

नदीकाठच्या भाऊंनी मालकाची बाजू सांगितली. मी कोयत्याची सांगतो.

माझे आईवडील २२ हंगाम ऊसतोडीला गेले. कोयता म्हणजे ऊस तोडायचं हत्यार, आणि कोयता म्हणजे नवराबायकोची जोडी. मुकादम उचल देतो ती जोडीला, एकट्या माणसाला अर्धा कोयता म्हणतात. दसरा-दिवाळीला घराला कुलूप, बैलं-भांडी-पोरं घेऊन थेट तुमच्या शिवारात. उसाच्या पाचटाची कोपी. पहाटे तीनला फड. एक दिवस नागा झाला की खाडा, तो पैसा उचलीवर चढतो. आईची पाळी असो, ताप असो, खाडा तो खाडा. म्हणून बायकांनी गर्भपिशवीच काढून टाकायला सुरुवात केली. २०१९ मध्ये सरकारने समिती नेमली, बीड जिल्ह्यात ८२,३०९ ऊसतोड बायकांची पाहणी झाली, त्यात १३,८६१ जणींची पिशवी काढलेली. माझी मावशी त्यातली एक. तेव्हा ती २८ वर्षांची.

मार्च २०२४ मध्ये न्यूयॉर्क टाइम्सने लिहिलं की ही साखर कोकाकोला, पेप्सीपर्यंत जाते. मग सगळ्यांचे खुलासे. कारखाना म्हणतो मजूर आमचे नाहीत, मुकादमाचे. मुकादम म्हणतो मी तरी कोण, वाहतूकदाराचा माणूस. सहकारी असो की खाजगी, यात काडीचा फरक नाही. एकतीसमार्च साहेब, तुमच्या त्या तक्त्यात 'कंत्राटी' असा रकाना आहे म्हणता. आमचे आईबाप त्या रकान्यातही नव्हते.

एकतीसमार्च (६ ऑगस्ट, सकाळी ११:५०)

नव्हते. ते 'पुरवठा-साखळी' या शब्दात असतात. त्यावर माहिती देणं अजून ऐच्छिकच आहे.

उसाचा_फड (६ ऑगस्ट, दुपारी ३:००)

सगळे मिळून कारखान्यावर घसरलात. मग काय बंद करायचे? शेतकऱ्याला १४ दिवसांत एफआरपी, म्हणजे सरकारने ठरवलेला उसाचा किमान भाव, द्यायचा असा कायदा आहे, आणि दुसरं कुठलं पीक असा हमीचा पैसा देतं ते दाखवा. शहरात बसून चहात दोन चमचे साखर टाकायची आणि नदीसाठी रडायचं. आमच्या भागात शाळा, कॉलेज, दवाखाना कारखान्याने काढला. कुठल्या म्युच्युअल फंडाने काढला?

नदीकाठचा_पाव्हणा (६ ऑगस्ट, दुपारी ३:२०)

दादा, मी बंद करा म्हटलोच नाही. माझा चार एकर ऊस त्याच कारखान्याला जातोय. मी म्हणतोय विचारायचं. सभेत अहवाल वाचायला उभा राहिला की पुढच्या चार रांगांतनं "मंजूर, मंजूर". बारा विषय वीस मिनिटांत. मी पण ओरडलोय मंजूर, खोटं कशाला बोलू, उन्हात बसवत नव्हतं.

मुद्दल_आणि_व्याज (६ ऑगस्ट, रात्री १०:२०)

धागा भरकटला असं वाटत होतं, पण पाव्हण्यांनी बरोबर जागी आणून सोडला. शेअर म्हणजे मत, हे आपण विसरतो. नोंदणीकृत कंपनीतही छोट्या भागधारकाला ई-मतदान करता येतं, आपले शेअर सांभाळणाऱ्या डिपॉझिटरीकडून ईमेल येतो, आपण तो जाहिरात समजून उडवतो. म्युच्युअल फंडांना तर आता प्रत्येक ठरावावर मत द्यावंच लागतं, आणि काय दिलं ते संकेतस्थळावर टाकावं लागतं. ऑगस्ट २०२१ मध्ये आयशर मोटर्समध्ये व्यवस्थापकीय संचालकांच्या फेरनेमणुकीचा आणि पगाराचा ठराव भागधारकांनी पाडला होता. पगारवाढीवर असं होतं. नदीवर झालेलं मी पाहिलेलं नाही.

ओवीताईंच्या विषयातही एक गोष्ट घडली आहे. एलआयसीकडे आयटीसीचे सुमारे १५ टक्के शेअर आहेत. २०१७ मध्ये मुंबई उच्च न्यायालयात याचिका गेली की आयुर्विमा विकणाऱ्या सरकारी कंपनीने तंबाखूत पैसा कसा ठेवायचा. याचिकाकर्त्यांत सुमित्रा पेडणेकर होत्या. त्यांचे पती, माजी मंत्री सतीश पेडणेकर, तोंडाच्या कर्करोगाने गेले.

कारकुंडा (६ ऑगस्ट, रात्री १०:३५)

म्हणजे आपण मेलो की एलआयसी पैसे देणार, आणि मरेपर्यंत सिगारेटचा डिव्हिडंड खाणार. दोन्हीकडून हिशेब चोख.

आडगावचा शहाणा (६ ऑगस्ट, रात्री १०:३८)

ओवीताई, तुमच्या बाबांच्या कपाटात पॉलिशाही निघाल्या म्हणालात ना?

ओवी३१ (१७ ऑगस्ट, रात्री ९:००)

हो, त्याही निघाल्या. :)

उशिरा उत्तर देते आहे, वारसाच्या कागदांत अडकले होते. (ज्यांचे आईवडील आहेत त्यांनी आजच नामनिर्देशन तपासा, पायाचे तुकडे पडतात.) निम्मे भावाच्या नावावर, निम्मे माझ्या. त्याने ठेवले, मी विकले. वारसाने आलेल्या शेअरना बाबांचीच खरेदीची तारीख धरतात आणि ३१ जानेवारी २०१८ चा भाव हिशेबात येतो, त्यामुळे कर वाटला होता त्यापेक्षा कमी लागला. भागधारक म्हणून बाबांना दरवर्षी अहवाल यायचा, तेही कपाटात सापडले, सगळे न उघडलेले. एकाच्या पाकिटावर मामाच्या औषधांचा हिशेब लिहिलेला आहे. तारीख बघितली, मामाच्या दुसऱ्या ऑपरेशनच्या आठवड्यातली. त्यानंतर ठेवावेसे वाटले नाहीत. तर्क काही नाही यात.

ते पैसे निफ्टीच्या साध्या इंडेक्स फंडात टाकले. आता कुणाचं पाप-पुण्य बघायला नको.

मुद्दल_आणि_व्याज (१७ ऑगस्ट, रात्री ९:१४)

कसं सांगू कळत नाही. निफ्टीच्या ५० कंपन्यांत आयटीसी आहे.

पावशेर (१७ ऑगस्ट, रात्री ९:१५)

=)) =)) =))

कारकुंडा (१७ ऑगस्ट, रात्री ९:२२)

ताई, वाईट वाटून घेऊ नका. आपला पीएफसुद्धा २०१५ पासून थोडा थोडा निफ्टी-सेन्सेक्सच्या फंडांमध्ये (ईटीएफ) जातो. इथले सगळे पगारदार वाटेकरी आहेत. गणूमास्तर जुन्या पेन्शनीत असतील तर तेवढे एक सुटले.

गणूमास्तर (१७ ऑगस्ट, रात्री ९:४०)

मी २००९ चा. एनपीएस, नवी पेन्शन. नाही सुटलो.

ओवी३१ (१७ ऑगस्ट, रात्री ९:५५)

भावाला सांगितलं. तो अजून हसतोय.

@नदीकाठचा_पाव्हणा, तुमची सभा कधी?

नदीकाठचा_पाव्हणा (२९ सप्टेंबर, रात्री ८:१०)

धागा वर काढतोय. काल झाली.

आठ दिवस आधी लेखी प्रश्न दिला होता, पोच घेतली होती. एकच ओळ. मागच्या हंगामात स्पेंटवॉशची यंत्रणा किती दिवस आणि किती रात्री बंद होती? (केमिस्ट काकांनी शब्द लिहून दिला, त्यांचे आभार.) विषय नंबर ११ ला उभा राहिलो. माईक माझ्यापर्यंत येईस्तोवर "मंजूर" सुरू झालं. पण अध्यक्षांनीच हात वर करून गप्प केलं आणि म्हणाले, तरुण सभासद आहेत, प्रश्न चांगला आहे, लेखी उत्तर देऊ. टाळ्या. मागनं कोण तरी ओरडलं, "औंदा ऊस कुणाला घालणार ते बघू!" हशा. दीड मिनिटात विषय संपला.

मंडपातनं बाहेर पडताना तिघं म्हातारे गाठ पडले. एकानं खिशातनं वही काढली आणि म्हणाला, माझी पण मोटर त्याच काठाला हाय, पुढच्या खेपेला माझं नाव खाली लिही. बाकीच्या दोघांनी पण नावं घातली. एकाची सही, दोघांचे अंगठे.

लेखी उत्तर अजून नाही.

पावशेर (२९ सप्टेंबर, रात्री ८:१६)

जबरदस्त! आणि साखर? घेतली की बहिष्कार?

नदीकाठचा_पाव्हणा (२९ सप्टेंबर, रात्री ८:३०)

घेतली की. पाच किलो. रांगेत उभा होतो तेव्हा शेतकी खात्याचा साहेब शेजारी आला, खांद्यावर हात टाकला आणि लई प्रेमानं विचारलं, "तुमच्या लावणीची नोंद कुठल्या तारखेची हाय?" चौदा वर्षांत पहिल्यांदा कुणी विचारलं. बघू, औंदा तोड कधी येती.